प्लॅटियाचा वेढा (इ.स.पू. ४२९–४२७): दमदमा का फसला आणि शिड्यांची लांबी कशी ठरवली?

कुतूहल

अथेन्स आणि स्पार्टा यांच्यातल्या पेलोपोनेशियन युद्धाबद्दल वाचताना प्लॅटिया या अथेन्सच्या बाजूच्या छोट्या ग्रीक गावाच्या वेढ्यापाशी थांबलो आहे. आत लढणारे फक्त ४८०, म्हणजे ४०० प्लॅटियन आणि ८० अथेनियन, शिवाय भाकरी करायला ११० बायका. बाहेर स्पार्टाचा राजा आर्किडेमस, सोबत सगळ्या दोस्तांची फौज. एवढं असून हल्ल्याने गाव पडलं नाही, उपासमारीनेच घ्यावं लागलं.

दोन गोष्टी समजून घ्यायच्या आहेत. तटाला भिडेल असा मातीचा दमदमा उभा राहिला होता, मग तो वाया कशाने गेला? आणि पुढे आतल्या लोकांनी शत्रूच्या भिंतीतल्या विटा लांबून मोजून शिड्या केल्या, त्या बरोबर मापाच्या कशा झाल्या? त्या काळचा ग्रीक इतिहासकार थुसिडिडीस याचं वर्णन वाचलं आहे. बांधकामाच्या अंगाने कोणी उलगडून सांगितलं तर हवं आहे.

मेढेकोट

दमदम्याबद्दल लिहितो, शिड्यांचं दुसरं कोणी सांगेल.

वेढा घालताना आधी आसपासची फळझाडं तोडून गावाभोवती लाकडी कुंपण ठोकलं, म्हणजे आतून कोणी निसटायला नको. मग तटाच्या एका जागी भराव सुरू झाला. नुसती माती टाकत गेलं की ती दोन्ही अंगांना घसरते, पायथा रुंदावतो आणि उंची काही वाढत नाही. म्हणून सिथेरॉन डोंगरावरून लाकूड तोडून आणलं, ते आडवंउभं जाळीसारखं रचून दोन्ही कडांना भिंती केल्या आणि मध्ये लाकडं, दगड, माती, मिळेल ते भरलं. माणसांच्या पाळ्या लावल्या होत्या. काही जण वाहतात तेव्हा बाकीचे जेवतात, झोपतात, त्यामुळे काम रात्रीही थांबत नव्हतं. प्रत्येक दोस्त शहराच्या तुकडीवर स्पार्टन अधिकारी होते. थुसिडिडीसच्या हस्तलिखितांत या कामाला ७० दिवस असा आकडा आहे. बऱ्याच अभ्यासकांना तो फार मोठा वाटतो, आणि मलाही तसंच वाटतं.

आता हिशोब पाहा. चढाचा उतार तोच ठेवून उंची दुप्पट करायची तर चढ मागेही दुप्पट न्यावा लागतो. म्हणजे रुंदी तीच राहिली तरी माती चौपट लागते. आतल्यांना मात्र दमदम्यासमोरच्या तेवढ्याच पट्ट्यात तट उंच करायचा होता. जवळची घरं पाडून त्यांनी विटा काढल्या, तटावर लाकडी चौकट उभारून तिच्यात त्या रचल्या. चौकटीमुळे उंच बांधकामाला बांधणी मिळाली. बाहेरच्या अंगाला कातडी लावली, त्यामुळे अग्निबाण आले तरी लाकूड आणि काम करणारी माणसं दोन्ही सुरक्षित. बाहेरच्यांना एक हात वाढवायला जेवढे कष्ट पडत, त्याच्या कितीतरी कमी कष्टात आतले तेवढंच वाढवत. माझ्या मते दमदमा हरला तो मुख्यतः इथेच.

दुसरा घाव खालून घातला. दमदमा जिथे तटाला टेकत होता तिथे तटालाच भोक पाडून आतले माती ओढून नेऊ लागले. बाहेरच्यांच्या लक्षात आलं तेव्हा त्यांनी बोरूच्या चटयांत चिकणमाती ठासून ती फट बुजवली, कारण ती सुट्या मातीसारखी उपसता येत नाही. मग आतल्यांनी गावातून सुरुंग खणला, अंतराचा अंदाज घेत तो दमदम्याखाली नेला आणि तिथून माती आत ओढायला लागले. वरून कितीही टाकली तरी पोकळी भरायला माती खाली बसत राहायची. हे बराच काळ बाहेर कोणाला कळलंच नाही.

तरीही दमदमा जिंकला तर काय, याची तयारी त्यांनी वेगळी केली. उंच केलेल्या भागाच्या दोन्ही टोकांपासून, जिथे जुना बुटका तट सुरू होतो तिथून, गावाच्या बाजूला चंद्रकोरीसारखी दुसरी भिंत बांधली. बाहेरचा तट पडला असता तर शत्रूला नवा दमदमा घालावा लागला असता, आणि तोही दोन्ही बाजूंनी मारा सोसत.

धडका देणारी यंत्रंही आणली होती. दमदम्यावरच्या यंत्राने उंच केलेल्या भागाचा बराचसा तुकडा पाडला. त्यावर आतल्यांचे दोन उपाय होते. एक, दोराचा फास टाकून ओंडका अडकवायचा आणि वर ओढून मोडायचा. दुसरा अधिक चांगला: तटावरून पुढे आलेल्या दोन खांबांना एक जाड तुळई दोन्ही टोकांशी लांब लोखंडी साखळ्यांनी टांगायची, ती धडकेच्या ओंडक्याला काटकोनात ओढून धरायची आणि ओंडका पुढे येताच साखळ्या एकदम सैल सोडायच्या. तुळईच्या वजनाने ओंडक्याचं तोंडच मोडायचं.

राजगिरा

वरच्या उत्तराला दोन मुद्दे जोडतो.

या वेढ्यात तोफखान्यासारखं काही नव्हतं हे विसरू नये. बाण फेकणारी यंत्रं ग्रीक जगात आली ती इ.स.पू. ३९९ च्या सुमारास, सिसिलीतल्या सिराक्यूस शहराचा सत्ताधीश डायोनिशिअस याच्या कारखान्यांत. त्याआधी तटावर काम करणाऱ्यांना लांबून हुसकायचं साधन म्हणजे धनुष्य आणि गोफण एवढंच. आतले लोक दमदम्यासमोर उभं राहून विटा रचू शकले, त्याचं हे मोठं कारण.

नंतर रोमनांनी हेच काम केलं तेव्हा ही उणीव भरून निघाली होती. इ.स.पू. ५२ मध्ये गॉलमधल्या (आजचा फ्रान्स) अव्हॅरिकम या गावाला सीझरच्या सैनिकांनी २५ दिवसांत ३३० फूट रुंद आणि ८० फूट उंच भराव घातला, सोबत बुरुज आणि मारा करणारी यंत्रं. आतल्या गॉल लोकांना लोखंडाच्या खाणींचा सराव होता. त्यांनीही भरावाखाली सुरुंग खणून माती काढली आणि त्याच वाटेने भरावाला आग लावली, कारण आत लाकूडच लाकूड होतं. तरी रोमन टिकले. काही लेजन (रोमन सैन्याची मोठी दलं) पाळीपाळीने कामावर आणि दोन रात्रभर छावणीबाहेर सज्ज, अशी व्यवस्था असल्याने आग लागताच धावायला माणसं हाताशी होती.

प्लॅटियात आग उलट बाजूने लागली. वेढा घालणाऱ्यांनी दमदमा आणि तट यांच्यामधली फट मोळ्यांनी भरली, पोहोचतील तेवढ्या मोळ्या गावातही टाकल्या आणि गंधक व डांबर घालून पेटवलं. माणसाने मुद्दाम लावलेली एवढी आग तोवर कोणी पाहिली नव्हती. वारा गावाकडे वाहिला असता तर काही उरलं नसतं. वारा आला नाही, आणि गडगडाटासह जोराचा पाऊस आला असंही सांगतात. त्यानंतर स्पार्टाने बहुतेक फौज घरी पाठवली आणि कायमची वेढ्याची भिंत बांधायला घेतली.

कुतूहल

फार स्पष्ट झालं. सुरुंगाचा भाग वाचताना माझ्या नजरेतून सुटला होता. आता शिड्या?

पूर्वरंग

आधी ती भिंत कशी होती ते पाहू, कारण सुटकेचा सगळा बेत तिच्यातल्या एका त्रुटीवर उभा आहे.

भिंती दोन होत्या, एक गावाकडे तोंड करून, दुसरी अथेन्सकडून मदत आली तर तिच्यासाठी. मध्ये १६ फूट, त्यात पहारेकऱ्यांच्या खोल्या. आत आणि बाहेर खंदक, विटांची माती त्यातूनच काढलेली. दर दहा चर्यांमागे (भिंतीच्या माथ्यावरच्या कंगोऱ्यांमागे) एक बुरुज, आणि तो भिंतीची पूर्ण रुंदी व्यापणारा. त्यामुळे वरून चालायचं तर बुरुजाच्या पोटातूनच जावं लागे. वादळी, पावसाळी रात्री पहारेकरी चर्या सोडून छप्पर असलेल्या बुरुजांत जाऊन बसत. म्हणजे अशा रात्री दोन बुरुजांमधली भिंत रिकामी, आणि दोन्ही बुरुजांची दारं अडवली की तो तुकडा आपला.

आता मोजणी. गावाकडच्या अंगाला एके ठिकाणी गिलावा झाला नव्हता, विटांचे थर उघडे होते. अनेकांनी ते थर वेगवेगळे मोजले, पुन्हा पुन्हा मोजले. काहींचं चुकणार, पण बहुतेकांचा आकडा जुळेल तो खरा धरायचा. थरांची संख्या अशी पक्की झाली. एका विटेची जाडी मात्र नजरेच्या अंदाजानेच घेतली, आणि खरा धोका तिथे असतो. समजा थर ४० आहेत. विटेमागे एक सेंटिमीटरची चूक झाली तरी एकूण ४० सेंटिमीटरचा फरक पडतो. अंतर फार नव्हतं आणि ग्रीक माणसाला कच्च्या विटेचा आकार रोजच्या पाहण्यातला, म्हणून अंदाज साधला.

नुसती उंची कळून भागत नाही, कारण शिडी तिरकी लागते. पॉलिबिअस या ग्रीक इतिहासकाराने पुढे याचा नियम दिला आहे: भिंत १० असेल तर शिडी १२ हवी, आणि पाया भिंतीपासून शिडीच्या निम्म्या अंतरावर. पायथागोरसने ताडून पाहा: १२ ची शिडी, पाया ६ वर, टोक पोहोचतं सुमारे १०.४ वर, म्हणजे माथ्याच्या किंचित वर. पाया याहून लांब नेला तर माणसांच्या वजनाने शिडी मधोमध मोडते. जवळ घेतला तर ती इतकी उभी होते की वरून ढकलणं सोपं. मोजमाप न करता गेलं तर काय होतं ते मॅसिडोनियाच्या पाचव्या फिलिपने मेलिटियाला अनुभवलं. गाव गाफील होतं, तरी शिड्या आखूड पडल्याने बेत फुकट गेला.

बाहेर पडायला आधी सगळेच तयार होते, नंतर निम्मे कचरले. उरले सुमारे २२०. इ.स.पू. ४२८–४२७ चा हिवाळा, चंद्र नसलेली वादळी रात्र. शस्त्रं एकमेकांवर आपटू नयेत म्हणून अंतर ठेवून चालले. चिखलात पकड मिळावी म्हणून फक्त डाव्या पायात जोडा. पहिले बारा जण चिलखत आणि खंजीर एवढ्यावर चढले, सहा एका बुरुजाकडे, सहा दुसऱ्याकडे. त्यांच्या मागून भालेवाले, त्यांच्या ढाली मागच्यांनी धरलेल्या, गरज पडली की हातात द्यायच्या. बरेच जण वर पोचल्यावर कोणाचा तरी हात लागून चर्येवरचं कौल पडलं आणि गलका झाला. पण ठरल्याप्रमाणे गावात उरलेल्यांनी विरुद्ध बाजूने हल्ला केला, त्यामुळे पहारेकऱ्यांना जागा सोडायची की नाही हे ठरवता येईना. वेढ्यातून थीब्जकडे, म्हणजे स्पार्टाच्या बाजूच्या शेजारच्या शहराकडे, धोक्याच्या मशाली पेटल्या, तर आतल्यांनी आधीच तयार ठेवलेल्या मशाली तटावर पेटवून तो इशारा वाचता येऊ दिला नाही.

तातडीसाठी राखलेले ३०० जण मशाली घेऊन भिंतीबाहेरून धावत आले, तेव्हा उजेडात तेच दिसत होते आणि खंदकाच्या काठावरचे प्लॅटियन अंधारात. त्यांनी ढाल नसलेल्या बाजूवर बाण आणि भाले टाकले. खंदकातल्या पाण्यावर बर्फ जमलं होतं, पण पाय ठेवण्याइतकं घट्ट नव्हतं, आणि पाणी जवळजवळ गळ्यापर्यंत. पार झाल्यावर ते आधी थीब्जच्याच रस्त्याने सहा-सात स्टेडिया, म्हणजे किलोमीटरभराहून थोडं जास्त, गेले. शत्रूच्या गावाकडे कोणी पळणार नाही, असा शोधणाऱ्यांचा समज होणार हे त्यांनी ओळखलं होतं. मशाली सिथेरॉनच्या वाटेने अथेन्सकडे पळत असलेल्या त्यांना दिसत होत्या. मग ते डोंगराकडे वळले. अथेन्सला २१२ पोचले. काही भिंत ओलांडण्याआधीच परतले आणि एक तिरंदाज बाहेरच्या खंदकापाशी पकडला गेला.

कुतूहल

मागे राहिलेल्यांवर लगेच हल्ला का केला नाही? निम्मी माणसं गेल्यावर तट राखणं अशक्यच झालं असणार.

मेढेकोट

झालंच होतं. इ.स.पू. ४२७ च्या उन्हाळ्यात एकदा तटावर चाल केली तेव्हा आतल्यांना ती परतवता येत नाही हे स्पार्टन सेनापतीला दिसलं. तरी त्याने गाव बळाने घेतलं नाही, कारण स्पार्टाहून तसा हुकूम होता. पुढे अथेन्सशी तह होऊन युद्धात जिंकलेल्या जागा परत करायची वेळ आली, तर प्लॅटिया ‘आपखुशीने शरण आलं’ असं म्हणता यायला हवं होतं. म्हणून त्याने दूत पाठवला: शरण या, न्यायनिवाडा होईल. अन्न संपलं होतं, ते आले. स्पार्टाहून पाच न्यायाधीश आले आणि त्यांनी प्रत्येकाला एकच विचारलं, या युद्धात तू स्पार्टाच्या किंवा तिच्या दोस्तांच्या काही उपयोगी पडलास का? किमान २०० प्लॅटियन आणि २५ अथेनियन मारले गेले, बायका गुलाम झाल्या. इ.स.पू. ४२१ मध्ये तह झाला तेव्हा थीब्जने नेमका तोच मुद्दा पुढे केला आणि प्लॅटिया परत दिलं नाही. अथेन्सनेही तेच कारण सांगून मेगारा शहराचं निसेया बंदर आपल्याकडे ठेवलं.