गुहागरकरांना मूर्ख म्हणणाऱ्यांना उत्तर

तांबडीमाती
काल इथे एकाने लिहिलं, "भास्कर जाधव म्हणजे शिवसेना, अपक्ष, राष्ट्रवादी, परत शिवसेना. असल्या माणसाला २०२४ ला पुन्हा निवडून देणारे गुहागरकर मूर्ख." माझं मत त्या पेटीत आहे, म्हणून गप्प बसवत नाही.

१९९५ आणि १९९९ ला ते चिपळूणचे सेनेचे आमदार. २००४ ला तिकीट कापलं, अपक्ष उभे राहिले, पडले. मग राष्ट्रवादी. २००९ ला खेड मतदारसंघच उरला नाही म्हणून रामदास कदम गुहागरात आले. तेव्हा ते विधानसभेत विरोधी पक्षनेते होते, सेनेचं वजन पाठीशी. त्यांना जाधवांनी पाडलं. पुढे राज्यमंत्री, प्रदेशाध्यक्ष, आणि २०१९ ला परत सेना. यातलं काहीच मी लपवत नाही.

पण २०२२ चं का कोणी बोलत नाही? सेना फुटली, शिंदेंसोबत उदय सामंत गेले, योगेश कदम गेले. सत्ता तिकडे, मंत्रिपदं तिकडे. हा माणूस ठाकरेंकडेच थांबला. २०२४ ला रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या आठ जागांपैकी उद्धव ठाकरेंकडे एकच उरली, ती आमची. वाऱ्यावर उडणारी माणसं असतो तर तेव्हा उडालो नसतो का?

पेठमाप
तिकीट मिळालं नाही म्हणून पक्ष सोडला, याला तुम्ही स्वाभिमान म्हणणार? त्याच गुहागरातून तात्यासाहेब नातू निवडून यायचे. जनसंघाच्या विचाराचा माणूस शेवटपर्यंत त्याच विचाराचा राहिला. आमचे वडील कट्टर काँग्रेसवाले, तेही त्यांना हात जोडायचे. निष्ठा म्हणजे ते.

आणि २२ जुलै २०२१ मी विसरणार नाही. चिपळूणच्या पुरात आमच्या दुकानात पाणी माळ्यापर्यंत. २००५ चा पूर मी पाहिला होता, त्या खुणेच्या वर माल रचला होता, तोही गेला. विमा कंपनीने कागदावर कागद मागितले आणि शेवटी नुकसानीचा चौथा हिस्साही दिला नाही. तीन दिवसांनी मुख्यमंत्री आले, तेव्हा बाजारपेठेत रडणाऱ्या बाईंशी जाधव ज्या पद्धतीने बोलले ते सगळ्या महाराष्ट्राने टीव्हीवर पाहिलं. चिखलात उभ्या माणसाशी असं बोलतात?

तांबडीमाती
ते बोलणं मलाही आवडलं नव्हतं. त्यांचा आवाज तसाच आहे, सभागृहात पण. पण त्या एका मिनिटावर तीस वर्षं तोलायची का?

खाडीपट्टा
पुराचा विषय निघालाच आहे तर कोयनेचं बोला. सगळे आमदार एका बाजूला ठेवा. कोयनेचं वर्षाला ६७.५ टीएमसी पाणी पोफळीला वीज करून कोळकेवाडीतून वाशिष्ठीत सोडतात. तिथून दाभोळ खाडी, तिथून समुद्र. साठ वर्षं झाली. आणि आमच्या वरच्या वाडीला एप्रिलपासून टँकर. माझी आई सत्तर वर्षांची, अजून झऱ्यावर वाटीने पाणी भरते. हे अवजल, म्हणजे वीज करून सोडलेलं पाणी, अडवा म्हणून भाषणं ऐकत मी म्हातारा झालो. कुठल्या पक्षाच्या आमदाराने ते आणलं ते सांगा.

पेठमाप
त्याच अवजलाने आम्हाला बुडवलं. रात्री पाऊस कोसळतोय, भरतीची वेळ, आणि वरून वीजनिर्मितीचं पाणी चालू. आम्हाला भोंगा तरी वाजवायचा होता.

खाडीपट्टा
नुसत्या अवजलाने पूर आला म्हणू नका. नदीत गाळ किती साठला होता? बेटं तयार झाली होती, त्यावर झाडं उगवली होती. पात्राच्या कडेला भराव टाकून बांधकामं कोणी केली? बाजारपेठेतल्याच माणसांनी.

पेठमाप
तोंड सांभाळून बोला. आमचं दुकान आजोबांच्या वेळचं आहे, भरावावर नाही. आणि गाळ काढायला लावला तो आम्ही. डिसेंबर २०२१ ला साखळी उपोषणाला बसलो, घरचा धंदा बंद ठेवून. तेव्हा खाडीपट्ट्यातले किती जण आले होते?

विरारकर
मुंबई-गोवा महामार्गाचं कोणीच बोलत नाही. २०११ पासून काम चाललंय. २०२३ ला चिपळुणात उड्डाणपूल काम चालू असतानाच कोसळला. गणपतीला चौदा तास बसून आलो आहे, दोन लहान मुलं घेऊन. आमदार सेनेचा असो नाहीतर राष्ट्रवादीचा, खड्डा तोच.

खाडीपट्टा
दादा, तुम्ही गणपतीत आणि शिमग्याला त्या रस्त्यावरून येता. आम्ही बाळंतीण त्याच रस्त्याने नेतो. तुमचं खरं आहे, पण आत्ता पाण्याचं चाललंय.

पेठमाप
मूळ मुद्द्यावर येतो. ५ जुलै २०२१ ला जाधव तालिका अध्यक्ष, म्हणजे अध्यक्षांच्या जागी सभागृह चालवणारे, म्हणून खुर्चीत होते, भाजपचे बारा आमदार वर्षभरासाठी निलंबित झाले. जानेवारी २०२२ ला सुप्रीम कोर्टाने ते रद्द केलं. अभ्यासू आमदार म्हणवता, मग अधिवेशनापलीकडे निलंबन चालत नाही हे कळायला नको?

तांबडीमाती
ठराव सभागृहाने केला, एकट्या जाधवांनी नाही. पण खुर्चीवरच्या माणसाने थांबवायला हवं होतं, एवढं मान्य करतो.

आता माझं ऐका. आमच्या वाडीतला एक मुलगा पुण्याच्या इस्पितळात अडकला होता, बिलासाठी सोडत नव्हते. रात्री अकराला आमदारांना फोन लावला. स्वतः उचलला. सकाळी पोरगा घरी. तेव्हा ते राष्ट्रवादीत होते, आम्ही सगळी वाडी सेनेची, हे त्यांना माहीत होतं. मी त्या दिवसापासून चिन्ह बघत नाही.

पेठमाप
फोन उचलणं हे आमदाराचं काम नाही. कायदा करणं, पैसा आणणं हे काम आहे. फोनवर निवडून देत राहिलात म्हणून पाणी समुद्रात जातंय.

खाडीपट्टा
हे मात्र पटलं. माझं मत जाधवांनाच होतं, तरी पटलं.

पेठमाप
२०२२ ला ते थांबले, हे मी नाकारत नाही. मनापासून नाही म्हणत, पण नाकारत नाही. गुहागरकरांना मूर्ख मी म्हटलं नव्हतं, म्हणणारही नाही. पण पूररेषा आणि अवजलावर त्यांनी सभागृहात कधी, काय मागितलं ते तारखेनिशी इथे टाका. भाषण नको, मागणी आणि मिळालेलं उत्तर टाका.

तांबडीमाती
शोधतो. मिळालं नाही तर तेही इथेच लिहीन.