‘हिस्टॉरिकली इन्फॉर्म्ड’ला मराठीत काय म्हणावं?

तंबोरा : एमा कर्कबी या इंग्लिश सोप्रानो (सर्वांत वरच्या पट्टीच्या आवाजाच्या) गायिकेवर स्मरणिकेसाठी टिपण लिहितोय. बरोक काळातलं (युरोपातला साधारण १६०० ते १७५०) धार्मिक संगीत त्या काळच्या वाद्यांबरोबर, त्या काळच्या रीतीनं गाण्यात त्यांची हयात गेली. इंग्रजीत याला ‘हिस्टॉरिकली इन्फॉर्म्ड परफॉर्मन्स’ म्हणतात. मी ‘अस्सल बरोक गायन’ लिहिलं, संपादकांनी काट मारली. दुसरा शब्द सुचवा.

पांढरी पाच : काट योग्यच. ‘ऑथेंटिक’ हा शब्द त्या मंडळींनीही काही काळ मिरवला. रिचर्ड तारुस्किनसारख्या टीकाकारांनी झोडपल्यावर तो मागे पडला. अस्सल म्हटलं की बाकीचे नकली ठरतात, आणि तेव्हाचा गळा ऐकलाय कोणी? कर्कबींनी वाद्यवृंद-संचालक क्रिस्टोफर हॉगवुड यांच्याबरोबर गायलेला हँडेलचा ‘मेसाया’ (बायबलवर बेतलेली मोठी गायनरचना) १९८० साली ध्वनिमुद्रिकेवर आला. त्यासाठी लंडनच्या फाउंडलिंग हॉस्पिटल या अनाथालयातला १७५४चा प्रयोग पायाला धरला होता, कारण त्याचा हिशेब शिल्लक आहे. कोण वाजवायला होतं, कोणाला किती पैसे मिळाले हे कळतं. सूर कसा लावला, हे हिशेबाच्या कागदावर कुठून येणार? ‘इतिहाससजग’ म्हणा.

सासष्टीकर : इतिहाससजग हे सरकारी परिपत्रकातलं वाटतं. ‘साधार’ हा चांगला वापरातला शब्द आहे की.

पांढरी पाच : मग इतरांचं गाणं निराधार? 🙂

सासष्टीकर : ते मान्य. जाता जाता, ‘बरोक’ आमच्या गोव्याला परका नाही. पोर्तुगीजमध्ये ‘बारोको’ म्हणजे वेडावाकडा मोती. गार्सिया द ओर्ताच्या १५६३ साली गोव्यात छापलेल्या ग्रंथात मोत्यांच्या संदर्भात हा शब्द येतो. संगीताला तो चिकटला १७३४ साली पॅरिसमध्ये, रामो या फ्रेंच संगीतकाराच्या ऑपेराला नावं ठेवताना. शिवीचीच पुढे पदवी झाली. (व्युत्पत्ती तर्कशास्त्रातल्या ‘बारोको’ या संज्ञेकडे नेणारेही आहेत. मला मोतीच पटतो.)

तंबोरा : आणि ‘धार्मिक संगीत’ चालेल? ‘भक्तिसंगीत’ लिहिलं तर वाचकाला टाळ ऐकू येतील.

ओवी : मराठी ख्रिस्ती घरात ‘उपासना संगीत’ म्हणजे थेट गीतांचं पुस्तक, त्यामुळे तेही नको. ‘चर्चसंगीत’ही फसवं. ‘मेसाया’ पहिल्यांदा झाला १७४२ साली, डब्लिनच्या एका संगीतगृहात. विषय बायबलचा, जागा तिकिटाची. ‘धार्मिक’च ठेवा.
माझी हरकत ‘गायिका’वर आहे. बाख या जर्मन संगीतकाराच्या लायप्झिग शहरात चर्चमधले सोप्रानोचे भाग मुलगे गात. इतिहासाला काटेकोर धरलं तर बाखच्या कँटाटा (वाद्यांसह गायच्या रचना) गाणाऱ्या कर्कबीच इतिहासाबाहेर पडतात! इटालियनमध्ये हा शब्द पुल्लिंगी आहे, ‘सोप्रा’ म्हणजे वर यावरून आलेला. तो आधी आवाजाची जागा सांगतो, बाई-पुरुष नंतर.

तंबोरा : म्हणजे ‘सोप्रानो गायिका’ ही द्विरुक्ती नाही. सुटलो. आता ‘व्हायब्रेटो’. कर्कबी तो फार जपून वापरतात. ‘आंदोलन’ लिहू का?

पांढरी पाच : अजिबात नको. आंदोलन रागातल्या ठरावीक स्वरावर, संथ. व्हायब्रेटो म्हणजे गळ्याचा सरसकट ‘कंप’. त्यांचा सूर आपल्या ‘खडा स्वर’ला (न हलवता लावलेल्या सुराला) जवळ जातो. जुन्या पट्टीबद्दल लिहिणार असाल तर आकडा द्या : आज ‘ए’ स्वर ४४० हर्ट्झला, बरोक वादकवृंद बहुधा ४१५ला लावतात. म्हणजे काळी एक दाबावी आणि पांढरी एक ऐकू यावी, तसं. ही ४१५सुद्धा सोयीसाठी ठरवलेलीच. त्या काळी गावोगाव पट्टी वेगळी होती.

ओवी : म्हणूनच ‘अस्सल’ नको!

तंबोरा : संपादकांना हे पाठवलं : “उपलब्ध पुराव्यांच्या आधारे, त्या काळच्या रीतीनं गाणाऱ्या सोप्रानो.” शब्द एक मागितला होता, वाक्य झालं.

सासष्टीकर : संपादक काय म्हणाले?

तंबोरा : “जागा कमी आहे.”