लॉर्ड डेनिंग: मोठा न्यायाधीश की नुसताच मोठा लेखक?

निवांत_वकील (धागाकर्ता):
लॉ केलेल्या प्रत्येकाने कधी ना कधी पेपरात डेनिंग ठोकलेला असतोच. हॅम्पशायरमधल्या व्हिटचर्चच्या कापडवाल्याचा पोरगा, जन्म १८९९, ऑक्सफर्डला आधी गणित मग कायदा, पहिल्या महायुद्धाच्या काळात दोन भाऊ गेले, १९४४ला हायकोर्ट जज, १९४८ला कोर्ट ऑफ अपील, १९५७ला हाउस ऑफ लॉर्ड्स, म्हणजे तेव्हाचं तिथलं सर्वोच्च कोर्ट. आणि १९६२ला हा माणूस आपणहून खालच्या कोर्टात परत आला, मास्टर ऑफ द रोल्स म्हणजे कोर्ट ऑफ अपीलचा प्रमुख म्हणून, आणि तिथे २० वर्षं बसला! माझ्या मते विसाव्या शतकात इंग्लंडात असा दुसरा जज झाला नाही. सामान्य माणसाला समजेल असं लिहायचा, आणि कायदा आडवा आला तर कायद्याला वळवायचा.

काळा_कोट:
आपणहून खाली आला यात त्याग वगैरे काही नाही हो. लॉर्ड्समध्ये पाच जणांत एक, बहुतेकदा अल्पमतात. कोर्ट ऑफ अपीलमध्ये तिघांत एक, वर प्रमुख असल्याने कुठली केस आपल्यापुढे लावायची तेही हातात. चाणाक्ष माणूस होता.

सदाशिवपेठी:
"कायद्याला वळवायचा" हेच तर दुखणं आहे. आपल्याला निकाल आवडला की वळवणं गोड वाटतं. उद्या तोच जज तुमच्या विरुद्ध वळला मग?

निवांत_वकील:
अहो पण हाय ट्रीज केस बघा ना, १९४७. युद्धात लंडनचे फ्लॅट ओस पडले म्हणून मालकाने वर्षाचं भाडं २५०० पौंडाचं १२५० केलं, भाडेकरूने त्यावर भरवसा ठेवला, आणि युद्ध संपल्यावर पूर्ण भाड्याचा दावा. डेनिंग म्हणाला युद्धकाळापुरता दिलेला शब्द फिरवता येणार नाही. आपल्या सुप्रीम कोर्टाने १९७९च्या मोतीलाल पदमपत केसमध्ये हेच तत्त्व सरकारला लावलं, म्हणजे टॅक्स माफीचं आश्वासन देऊन सरकारला हात वर करता आले नाहीत.

काळा_कोट:
तांत्रिक मुद्दा: दावा होता फक्त १९४५च्या शेवटच्या दोन तिमाहींचा, आणि तो मालक जिंकला. युद्धकाळाबद्दलचं सगळं ऑबिटर, म्हणजे निकालाला गरज नसलेलं, बंधनकारक नसलेलं मत. एवढी मोठी इमारत जाता जाता केलेल्या टिप्पणीवर उभी आहे :)

रानफूल:
मला एकच विचारायचंय. बर्मिंगहॅम सिक्सचं काय? १९७४च्या पब बॉम्बस्फोटांत २१ माणसं गेली, सहा आयरिश माणसांना जन्मठेप झाली, त्यांनी पोलिसांनी मारहाण केली म्हणून दावा लावला तर १९८०ला डेनिंगसाहेब म्हणाले की हे जिंकले तर पोलीस खोटे आणि मारकुटे ठरतील, ते इतकं भयंकर चित्र आहे की दावा पुढे जाऊच नये. १९९१ला सहाही जण निर्दोष सुटले. नवऱ्याने टाकलेल्या बायकोला घरातून काढू देणार नाही असा बँकेविरुद्ध निकाल देणारा हाच का तो माणूस?

निवांत_वकील:
तो निकाल चुकला, मान्य. पण एका निकालावरून ३८ वर्षं मोजायची का?

रानफूल:
एक कुठे? पगडी घालतो म्हणून शीख मुलाला शाळेने प्रवेश नाकारला, ती मंडला केस. डेनिंग म्हणाला शीख हा वांशिक गट नाहीच, लॉर्ड्सनी १९८३ला उलटवलं. आणि १९८२ला पुस्तकात काळ्या ज्युरींबद्दल असं काही लिहिलं की प्रती मागे घ्याव्या लागल्या, माफी मागितली आणि रिटायर झाला. त्याचा "सामान्य माणूस" म्हणजे गावातला गोरा इंग्रज, त्या चौकटीत बसलात तर डेनिंग तुमचा.

सदाशिवपेठी:
+१. क्रिकेटची केस पण बघा, १९७७. मैदानाला लागून घर घेतलेल्या बाईच्या अंगणात चेंडू येतात, क्रिकेट क्लबवर दावा लागतो आणि साहेब निकालाची सुरुवात करतात की उन्हाळ्यात गावचं क्रिकेट म्हणजे सगळ्यांचा आनंद. सगळ्यांचा म्हणे! त्या बाईला विचारलं का?

निवांत_वकील:
मैदान आधीचं होतं हो, घर नंतर बांधलं. बाकी काही म्हणा, तुमच्यासकट सगळ्यांना त्या निकालाचं पहिलं वाक्य पाठ आहे. सोबतच्या दोन जजांनी काय लिहिलं ते सांगता येईल का कुणाला?

काळा_कोट:
येईल की. दोघांनीही क्लबचा निष्काळजीपणा मान्य केला होता. त्या मुद्द्यावर डेनिंग एकटाच पडला.