वन ट्रू व्हॉइस आठ महिन्यांत संपला, त्यात त्या मुलांचा दोष किती?

थेम्सकाठी

२००२ च्या हिवाळ्यात मी लेस्टरला शिकायला होतो. शनिवारी संध्याकाळी घरमालकीणबाईंकडे सगळे भाडेकरू टीव्हीपुढे जमायचे आणि आयटीव्हीवर 'पॉपस्टार्स: द रायव्हल्स' लागायचं. ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. दहा मुलगे, दहा मुली. एका आठवड्यात मुलांची फेरी, पुढच्या आठवड्यात मुलींची. लोकांनी फोन करून मतं द्यायची, सगळ्यात कमी मतं मिळतील तो बाहेर. शेवटी पाच मुलांचा एक बँड, पाच मुलींचा एक. परीक्षक तिघं: पीट वॉटरमन, लुई वॉल्श आणि गेरी हॅलिवेल. मुलांची धुरा वॉटरमनकडे, मुलींची वॉल्शकडे. दोघांची पहिली गाणी एकाच दिवशी, १६ डिसेंबरला बाजारात आली. नाताळच्या आठवड्यात पहिला क्रमांक कोणाचा, हा सगळा खेळ.

मुली जिंकल्या. त्या म्हणजे गर्ल्स अलाउड. मुलांचा वन ट्रू व्हॉइस दुसरा आला. जूनमध्ये त्यांचं दुसरं गाणं आलं, दहाव्या क्रमांकापर्यंत गेलं आणि ऑगस्ट २००३ मध्ये बँड मोडला. अल्बम निघालाच नाही.

मला आजही वाटतं की मुलांवर अन्याय झाला. एरवी एखाद्या नव्या बँडचं पहिलंच गाणं नाताळात देशभरात दुसरं आलं असतं तर पेढे वाटले असते. इथे मात्र कार्यक्रमाने तीन महिने लोकांना शिकवून ठेवलं होतं की हे द्वंद्व आहे आणि एकच उरणार. त्यामुळे दुसरा क्रमांक म्हणजे पराभव ठरला, तोही सगळ्या देशासमोर. विशीतल्या पोरांनी त्यातून उभं कसं राहायचं? गळा चांगला होता त्यांचा. डॅनियल पिअर्स आणि कीथ सेंपल यांना ऐकलंय ते नाही म्हणणार नाहीत.

पावसाळी_पुणेकर

असहमत. द्वंद्वाने नाही, गाण्याने मारलं.

दोन्ही गाणी एकापाठोपाठ ऐका. मुलांना मिळालं बी जीजचं 'सेक्रेड ट्रस्ट', म्हणजे २००१ च्या अल्बममधलं गाणं पुन्हा गायलेलं. नीटनेटकं, गुळगुळीत. मुलींच्या 'साउंड ऑफ द अंडरग्राउंड'मध्ये सुरुवातीलाच ती कडक गिटार येते, खाली ड्रम अँड बेसचा ठेका धावतो. झेनोमेनिया या निर्मात्यांनी केलेलं ते गाणं रिअॅलिटी शोमधून येईल असं कोणाला वाटलं नव्हतं. चार आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिलं ते. नुसत्या मतदानाच्या जोरावर गाणं चार आठवडे टिकत नाही.

वॉटरमन यांनी ऐंशीच्या दशकात कायली मिनोग आणि रिक अॅस्टली यांना घराघरांत पोचवलं, त्याबद्दल आदरच आहे. पण २००२ साली त्यांनी मुलांसाठी जे निवडलं ते मागच्या जमान्याचं होतं. उलट वॉल्श हे बॉयझोन आणि वेस्टलाइफवाले. मुलग्यांचा बँड कसा चालवायचा हे ज्यांना ठाऊक होतं, त्यांच्याकडे मुली गेल्या.

थेम्सकाठी

गाणं मुलांनी निवडलं नव्हतं, मग दोष त्यांचा कसा? मुलींना सावरायला वेळ मिळाला, मुलांना तोही नाही.

पावसाळी_पुणेकर

दोष मुलांचा आहे असं मी म्हटलंच नाही. पण वेळेचा मुद्दा तपासा. मुलींचं दुसरं गाणं 'नो गुड अॅडव्हाइस' मे २००३ मध्ये आलं, मुलांचं जूनमध्ये. दोघांनाही साधारण पाचच महिने मिळाले. त्या पाच महिन्यांत मुलींचा अख्खा अल्बम तयार झाला आणि मे महिन्यातच दुकानात लागला. मुलांच्या हातात पाच महिन्यांनी काय होतं? एक गाणं. ते अन्यायाचं फळ म्हणायचं की नियोजनाचं, तुम्हीच सांगा.

थेम्सकाठी

तारखांचं मान्य. पाचच महिने दोघांनाही, हे मी विसरलो होतो. पण नियोजन कोणासाठी केलं जातं? जो जिंकला त्याच्यासाठी. मुलांचा अल्बम रखडला यामागे दुसऱ्या क्रमांकाचा शिक्का असणारच, असं माझं मत.

नादखुळा_कोल्हापूर

मी वाद्यवृंदात वीस वर्षं कीबोर्ड वाजवतोय, म्हणून थोडं वेगळं लिहितो.

पाच अनोळखी गळे एकत्र आणून सहा-आठ आठवड्यांत बँड होत नाही. आमच्याकडे नवा गायक आला की पहिले सहा महिने तो फक्त ऐकतो. कोण कुठे श्वास घेतो, कोणाची पट्टी कार्यक्रमाच्या शेवटी अर्ध्या सुराने उतरते, हे अंगवळणी पडावं लागतं. वन ट्रू व्हॉइसमधला प्रत्येक जण एकटा गाऊन, एकट्याने मतं मिळवून आत आलेला. एकमेकांत मिसळायची सवय कधी लागणार? दुसऱ्या गाण्याच्या ध्वनिमुद्रणातही मला पाच सुट्टे आवाज ऐकू येतात.

मालवणी_लाट

नादखुळा दादा, पण हीच अडचण मुलींनाही होती ना? त्याही पाच अनोळखीच. गर्ल्स अलाउडची सलग २० गाणी ब्रिटनच्या पहिल्या दहांत गेली, २००९ मध्ये 'द प्रॉमिस'ला ब्रिट पुरस्कार मिळाला. वन डायरेक्शनचं तर विचारूच नका. २०१० च्या 'एक्स फॅक्टर'मध्ये एकेकटे आलेले पाच मुलगे, परीक्षकांनी एकत्र बांधले. तिसरे आले आणि तरी जगभर गाजले. म्हणजे थेम्सकाठींचा शिक्क्याचा मुद्दाही पुरता टिकत नाही.

नादखुळा_कोल्हापूर

ताई, मुलींच्या गाण्यांत ओळी वाटून दिलेल्या असायच्या, एकेकीचा आवाज वेगळा ओळखू यावा असाच घाट होता. बी जीजचं गाणं मात्र भावाभावांच्या गळ्यांसाठी घडलेलं. ते तीन सख्खे भाऊ, लहानपणापासून एकत्र गाणारे. ती वीण नव्या पोरांकडून कशी येईल? म्हणजे फिरून मी पावसाळींच्याच बाजूला आलो. गाणं चुकलं, पण का चुकलं याचं माझं कारण हे.

अंधेरी_लोकल

आपल्याकडचं कोणी आठवेना का? हाच 'पॉपस्टार्स'चा साचा, मूळचा न्यूझीलंडचा, २००२ मध्ये चॅनल व्हीवर आला आणि त्यातून व्हिवा निघाला, पाच मुलींचा. पुढच्या वर्षी आसमा, दोन मुलगे आणि दोन मुली. कॉलेजात असताना व्हिवाची कॅसेट मी झिजवली आहे. दोन्ही बँड काही वर्षांतच विरले. पण नेहा भसीन, अनुष्का मनचंदा, नीती मोहन यांचे आवाज आपण नंतर किती चित्रपटांत ऐकले! ब्रिटनमध्ये बँड मोडला की गायकाला जायला जागा नाही. इथे पार्श्वगायन आहे, बँड मोडला तरी गळा उपाशी राहत नाही.

मराठीतलं सांगायचं तर २००८-०९ च्या लिटिल चॅम्प्समधली पाच मुलं बघा. कार्तिकी जिंकली, पण आर्या, मुग्धा, प्रथमेश, रोहित यांना कोणी हरलेले म्हटलं नाही. त्यांना पंचरत्नं म्हटलं. २०२१ मध्ये तीच पाच जणं नव्या पर्वाची परीक्षक झाली. मला थेम्सकाठींचं पटतं. लोकांसमोर कोणाला कोणत्या नावाने उभं करता, यावर पुष्कळ ठरतं.

पावसाळी_पुणेकर

लिटिल चॅम्प्सची तुलना इथे बसत नाही. ती लहान मुलं होती, लोकांचा जिव्हाळा वेगळा होता आणि त्यांच्यावर दर सहा महिन्यांनी नवं गाणं खपवायची सक्ती नव्हती.

आता सगळ्यात महत्त्वाचं, जे इथे अजून कोणी लिहिलं नाही. त्याच कार्यक्रमात अंतिम दहांतून बाद झालेल्या पाच मुलांनी आपला बँड काढला, फिक्स. त्यांचं पहिलं गाणं 'होल्ड ऑन मी' २००३ च्या शरदात आलं, वन ट्रू व्हॉइस मोडल्यानंतर, आणि तेही दहाव्या क्रमांकावर गेलं. पुढची तीन गाणी पहिल्या विसांत गेली. ज्यांना लोकांनी मतं दिली नाहीत, ते जिंकलेल्यांपेक्षा जास्त टिकले! शिक्का मारक असता तर फिक्स जन्मालाच आला नसता.

मालवणी_लाट

त्याच्या आदल्या पर्वातही तेच झालं होतं. २००१ मध्ये हिअरसे जिंकला, पहिल्या आठवड्यात पाच लाखांवर प्रती खपल्या आणि ऑक्टोबर २००२ मध्ये बँड संपला. तेव्हा 'रायव्हल्स' नुकतंच सुरू झालं होतं, म्हणजे त्या मुलांनी आदल्या विजेत्यांचा शेवट भर स्पर्धेत पाहिला. उलट बाद झालेल्या पाच जणांचा लिबर्टी एक्स मे २००२ मध्ये 'जस्ट अ लिटल' घेऊन पहिल्या क्रमांकावर पोचला होता.

थेम्सकाठी

पावसाळी, तुमचं हे उदाहरण मला माझ्याच बाजूचं वाटतंय. फिक्स आणि लिबर्टी एक्स यांच्याकडून कोणाला काही अपेक्षा नव्हती. त्यांना कोणाशी लढायचं नव्हतं, अमुक आठवड्यात अमुक क्रमांक गाठायचा नव्हता. आपल्याला शोभेल ते गाणं शोधायला मोकळीक होती. मारक ठरतं ते जिंकणं, कारण त्या दिवसापासून तुम्ही कार्यक्रमाचे होता. गर्ल्स अलाउड त्यातून सुटल्या, झेनोमेनियामुळे सुटल्या, इथपर्यंत तुमचं मान्य करतो. पण मुलांच्या गळ्यात अपयश बांधून त्यांना घरी पाठवलं, हे मला अजून सलतं.

नादखुळा_कोल्हापूर

कीथ सेंपलसाठी वाईट वाटून घेऊ नका. तो उत्तर आयर्लंडचा, पुढे अमेरिकेत गेला आणि २०१५ मध्ये तिथल्या 'द व्हॉइस'मध्ये उतरला. तिथे परीक्षक पाठ करून बसतात, चेहरा आणि जुना इतिहास दिसत नाही. खुर्च्या त्याच्यासाठी वळल्या. तेरा वर्षांनी, एकट्याच्या आवाजावर.

थेम्सकाठी

हे ठाऊक नव्हतं. आज रात्री शोधून ऐकतो.