कोर्टातल्या कर्मचाऱ्यांचा पगार कोर्टानेच ठरवावा का?

शाहूपुरीकर
१८ ऑगस्ट २०२५ ला कोल्हापुरात मुंबई हायकोर्टाच्या सर्किट बेंचचं कामकाज सुरू झालं. सहा जिल्ह्यांच्या फायली इथे आल्या. तेव्हापासून एक मागणी कानावर येते: कामाचा बोजा वाढलाय, तर हायकोर्टानेच आदेश काढून स्टाफची वेतनश्रेणी वाढवावी. मागणीमागची तळमळ मला मान्य आहे, मार्ग मान्य नाही.

हा प्रयत्न आपल्याच राज्यात होऊन गेलाय. मुंबई हायकोर्टातल्या स्टेनो आणि पीए मंडळींनी मंत्रालयातल्या समकक्ष पदांइतकी श्रेणी मागितली. हायकोर्टाने ती दिली आणि २००२ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो आदेश रद्द केला. कारण राज्यघटनेचा अनुच्छेद २२९. हायकोर्टाच्या कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचे नियम मुख्य न्यायमूर्ती करतात आणि पगार, भत्ते, रजा, पेन्शनपुरती त्यांना राज्यपालांची मंजुरी लागते. म्हणजे मुख्य न्यायमूर्ती प्रशासक म्हणून जे करू शकतात, ते न्यायमूर्तींनी याचिकेवर निकाल देऊन करायचं नाही. स्वतःच्या कचेरीच्या पगाराचा आकडा कोर्टाने निकालात लिहायला सुरुवात केली, तर सरकारच्या तिजोरीवर लक्ष कुणी ठेवायचं?

बेलिफाचा पोरगा
दादा, कायदा सांगितलासा, पण पोट कुणी बघायचं? माझे वडील समन्स घेऊन शाहूवाडी, गगनबावड्याच्या वाड्यावस्त्यांवर फिरायचे. पावसाळ्यात पंचगंगेला पूर आला की अर्धे रस्ते बंद, तरी बजावणीचा अहवाल तारखेच्या आत पाहिजेच. कर्मचाऱ्यानं सरकारकडं जायचं, तिथं फाईल अडली की कोर्टात यायचं, आणि कोर्ट म्हणणार हे आमच्या अधिकारात नाही. मग त्यानं जायचं कुठं?

आणि कोर्ट पगारात हात घालतच नाही, हे खोटं आहे. १९८२ च्या रणधीर सिंग प्रकरणात दिल्ली पोलिसातल्या ड्रायव्हरला सुप्रीम कोर्टानंच रेल्वे संरक्षण दलाच्या ड्रायव्हरइतकी श्रेणी द्यायला लावली. तो ड्रायव्हर चालतो, आमचा बेलीफ चालत नाही?

वकील, कसबा बावडा
दोघांनाही एक सांगतो, कारण इथं गल्लत होतेय. अनुच्छेद २२९ फक्त हायकोर्टाच्या स्टाफला लागू. जिल्हा न्यायालयातले नाझर, शिरस्तेदार, बेलीफ, लिपिक हे राज्याच्या सेवेतले. त्यांच्यावर नियंत्रण हायकोर्टाचं, अनुच्छेद २३५ खाली, पण पगार राज्य सरकारच्या नियमांनी. त्यामुळे २००२ चा तो निकाल बेलिफाच्या प्रश्नाला जसाच्या तसा लावता येत नाही.

बेलिफाचा पोरगा
मग त्यांच्यासाठी तरी कोर्ट लगेच बोललं का? खालच्या कोर्टांतले पगार ठरवायला शेट्टी आयोग नेमला १९९६ साली. न्यायाधीशांच्या पगाराबद्दलचा आदेश मार्च २००२ मध्ये आला. कर्मचाऱ्यांबद्दलचा अहवाल २००३ चा, आणि तो १ एप्रिल २००३ पासून लागू करा हे सांगायला ऑक्टोबर २००९ उजाडला. न्यायाधीशांच्या पगारासाठी हात चालतो आणि शिपायाची पाळी आली की मर्यादा आठवते, हे मला पटत नाही.

शाहूपुरीकर
तुझा हा मुद्दा माझ्या मांडणीतला सगळ्यात अवघड आहे. न्यायाधीशांच्या बाबतीत कारण दिलं जातं ते न्यायसंस्थेच्या स्वातंत्र्याचं: सरकारच्या मर्जीवर जगणारा न्यायाधीश सरकारविरुद्ध निकाल कसा देईल? हे कारण खरं आहे. पण रोजनामा लिहिणारा, मुद्देमाल सांभाळणारा माणूसही त्याच संस्थेचा कणा आहे, आणि सहा वर्षं थांबायला लावणं समर्थनीय नाही.

रणधीर सिंगचं मात्र वेगळं होतं. काम तेच, जबाबदारी तीच आणि फरकाला पटेल असं कारण नव्हतं. स्टेनोंच्या प्रकरणात पदनामं मिळतीजुळती होती. तेवढ्यावरून काम सारखं ठरत नाही. दोन कचेऱ्यांतल्या कामाची तुलना करायला वेतन आयोगासारखी यंत्रणा लागते. दोन बाजूंच्या प्रतिज्ञापत्रांवरून ते होत नाही.

वकील, कसबा बावडा
आणि मर्यादा म्हणजे हात बांधलेत असं नाही. १९८९ मध्ये सुप्रीम कोर्टाच्याच चतुर्थ श्रेणी कर्मचाऱ्यांचं आणि कनिष्ठ लिपिकांचं प्रकरण आलं होतं. कोर्ट म्हणालं, राष्ट्रपतींनी मंजुरी द्यावीच असा आदेश आम्ही काढणार नाही. पण सरन्यायाधीशांनी नियम करून पाठवले तर सरकारने ते सहसा मान्य करावेत. नकार द्यायचा तर तसंच सबळ कारण हवं. इथेच जोर लावता येतो. प्रस्ताव वर्षानुवर्षं दाबून ठेवला किंवा कारण न देता परत पाठवला, तर याचिका चालते. तेव्हा कोर्ट आकडा ठरवत नाही, 'अमुक महिन्यांत कारणांसह निर्णय घ्या' म्हणून सांगतं.

बेलिफाचा पोरगा
आणि सरकारनं कारण लिहून 'नाही' म्हटलं तर?

वकील, कसबा बावडा
तर त्या कारणाला आव्हान द्यायचं. 'पैसे नाहीत' एवढं एकच वाक्य लिहिलेला नकार टिकवणं सरकारला जड जातं. आज अडचण अशी की आव्हान द्यायला कागदच हातात नसतो.

बेलिफाचा पोरगा
यात वेळ जाणार आणि तोवर माणूस निवृत्त होणार, हे माझं म्हणणं कायम आहे. पण निवेदन लिहिताना नुसती श्रेणी मागायची नाही, प्रस्ताव कोणत्या तारखेला कुणाकडं गेला तेही मागायचं, एवढं संघटनेत बोलतो.