मदत हवी आहे : जपानमध्ये उदोन आणि दाशी शिकण्याविषयी

नमस्कार. येत्या नोव्हेंबरमध्ये मी सपत्नीक जपानला जात असून, शिकोकू बेटावरील कागावा प्रांतात राहून सानुकी उदोन, म्हणजे तेथल्या गव्हाच्या जाड शेवया, करायला शिकण्याची आमची मनापासून इच्छा आहे. कोतोहिरा येथे पर्यटकांसाठी असे वर्ग चालतात आणि मिठाच्या पाण्यात भिजवलेला पिठाचा गोळा तेथे पायाने तुडवून मळायला शिकवतात, एवढी माहिती मिळाली आहे. परंतु माझा खरा ओढा दाशीकडे, म्हणजे उदोनच्या पातळ रश्श्याच्या मूळ अर्काकडे आहे.

कोंबू हे समुद्री शेवाळ थंड पाण्यात भिजवून मंद आचेवर तापवायचे, उकळी फुटण्याआधी बाहेर काढायचे, मग कात्सुओबुशीचे, म्हणजे धुरी देऊन सुकवलेल्या बोनिटो माशाचे, पातळ काप घालून थोड्याच वेळात गाळून घ्यायचे, ही कृती वाचून समजते. मात्र अर्क उतरल्याची खूण वासावरून आणि चवीवरून कशी ओळखावी, हे जाणकाराच्या शेजारी उभे राहूनच शिकता येईल, असे मला वाटते. कागावात दाशीसाठी प्रामुख्याने इरिको, म्हणजे उकडून सुकवलेले लहान मासे वापरतात, आणि त्यांचे डोके व पोट काढले नाही तर कडवटपणा येतो. कोकणातल्या माणसाला हे लगेच पटेल!

दाशी सविस्तर शिकवणारा एखादा छोटा वर्ग किंवा घरगुती शिक्षक तेथे कोणाच्या अनुभवाचा आहे का? पत्नी शाकाहारी असल्याने, कोंबू आणि सुक्या शिताके अळिंबीची दाशी क्योतो किंवा कोयासान या बौद्ध मठांच्या डोंगराळ परिसरात कोठे शिकता येईल, आणि जपानी येत नसल्यास दुभाषा लागेल का, हेही कृपया कळवावे.