फेख्नरचे माहितीपट: साक्ष की संकलनाची करामत?

मु_पो_माहीम
जर्मन माहितीपटकार एबरहार्ड फेख्नर (१९२६–९२) मूळचा नट. हॅम्बुर्गच्या एनडीआर वाहिनीत आल्यावर त्यानं स्वतःची पद्धत बसवली. एकेकाला एकटं गाठून भरपूर बोलतं करायचं, आपले प्रश्न बहुतेक कापायचे आणि उत्तरं अशी जोडायची की कधी न भेटलेली माणसं एकमेकांचं बोलणं तोडतायत असं वाटावं. नाझींच्या मायदानेक छळछावणीचा खटला ड्युसेलडॉर्फला १९७५ ते १९८१ चालला. कोर्टात कॅमेऱ्याला बंदी, म्हणून यानं साक्षीदार, वकील, आरोपी सगळ्यांना बाहेर गाठलं आणि त्यातून ‘डेर प्रोत्सेस’ (म्हणजे ‘खटला’, १९८४) केला. कसब वादातीत. पण न झालेला संवाद रचणं म्हणजे माहितीपट? मला नाही पटत.

जुनी_कात्री
फसवलं कुठे? प्रत्येक जण आपापल्या खोलीत बसलेला दिसतो की! साडेचार तास बसून बघा आणि मग बोला. आरोपी हात झटकतो, आणि पुढच्याच क्षणी छावणीतून वाचलेली बाई बोलू लागते. निवेदकानं कोरडे ओढायची गरजच उरत नाही. उलटतपासणी आणखी काय वेगळी असते?

मु_पो_माहीम
उलटतपासणीत समोरच्याला उत्तर देता येतं. इथे शेवटचा शब्द कोणाचा, हे संकलनाच्या टेबलावर ठरतं.

वैशाली_नि
दोघंही खटल्यालाच धरून बसलात. १९६९ चा क्लारा हायडेब्रेकवरचा बघा. बर्लिनच्या वेडिंग भागातली सत्तरी ओलांडलेली एकटी बाई, आत्महत्या करते. बातमीच्या दृष्टीनं शून्य. हा तिची कागदपत्रं चाळतो, नातेवाईक आणि शेजाऱ्यांना भेटतो. बाई हळूहळू उभी राहते, आणि तिच्याबद्दल बोलणारे किती तुटक ओळखत होते तेही उघडं पडतं. हे जोडणीशिवाय दिसलं असतं?

अर्धवटराव
वैशालीताईंना +१. बाकी ‘डेर प्रोत्सेस’ एआरडीनं (जर्मन सार्वजनिक वाहिन्यांचा संघ) मुख्य वाहिनीवर न लावता प्रादेशिक ‘तिसऱ्या’ वाहिन्यांवर ढकलला, यावर खरं तर वेगळा धागा हवा.

मु_पो_माहीम
त्याच एनडीआरमध्ये क्लाउस विल्डेनहान हा माहितीपटकार होता. समोर घडतंय ते टिपायचा.

जुनी_कात्री
अहो, छावणी १९४४ लाच रिकामी झालेली. समोर घडायला उरलं होतं काय? माणसांचं बोलणंच ना?

मु_पो_माहीम
तेच म्हणतोय. बोलणं हाच एकमेव पुरावा असेल तर प्रश्नांना कात्री का लावली? आरोपी नेमका कशाला नाही म्हणतोय, हे मला कळायला नको?